गेम बाहेर, माणसं आत

सिस्टर कुणाच्याही हातात गेमचा रिमोट देण्याआधी तो स्पिरिटच्या बोळ्याने पुसायच्या. इंजेक्शन देण्याआधी दंड पुसतात तसा; बटणांच्या खाचांतून, कडेकडेने. मग तो वाळेपर्यंत हवेत धरायच्या आणि म्हणायच्या, "घे. खेळ आता." खेळून झालं की परत बोळा. मी त्यांच्याकडे भाड्याने राहायला गेलो तेव्हा पहिले काही दिवस मला वाटायचं, बाईंना माझी किळस येते. मी बाजारातून सुगंधी साबण आणला. पुढे कळलं, त्या सगळ्यांसाठीच पुसतात, पुण्याहून आलेल्या स्वतःच्या मुलासाठीसुद्धा. साबण मात्र वापरून संपवावा लागला.

सरकारी दवाखान्यात नर्स म्हणून सगळी नोकरी काढून त्या रिटायर झाल्या होत्या. कॉलनीत त्यांना सगळे सिस्टरच म्हणत, त्यांच्याहून मोठे म्हातारेही. घर जालन्यात, एमआयडीसीकडे जाणाऱ्या रस्त्याच्या आतल्या बाजूला. खाली त्या एकट्या, वर दोन खोल्या भाड्याने. हॉलमध्ये शोकेस, शोकेसमध्ये बुद्धाची पांढरी मूर्ती, मूर्तीशेजारी थर्मामीटर उभं करून ठेवलेला पेला आणि खालच्या फळीवर ती काळी पेटी, व्हिडिओ गेमची. मुलाने पुण्यात नवीन घेतली आणि जुनी आईकडे आणून टाकली, पोरं जुना फ्रीज नि जुन्या गाद्या आणून टाकतात तशी. पेटी माळ्यावर जाईल अशी त्याची अपेक्षा होती. सिस्टरनी तिला ऍडमिट करून घेतलं.

'ऍडमिट' हा त्यांचाच शब्द. नोकरी सुटली तरी नोकरीतले शब्द सुटले नव्हते. पेटीला बरीच वर्षं झालेली होती. चालू केली की आतला पंखा पिठाच्या गिरणीसारखा गरगरायचा. उन्हाळ्यात सिस्टर टेबलफॅन पेटीकडे वळवून ठेवत आणि स्वतः पदराने वारा घेत. "ती तापून राह्यली," त्या सांगायच्या. "आपल्याला काय, आपण सावलीत बसलोत."

त्या फक्त क्रिकेट खेळायच्या. ड्युटीरूममध्ये ट्रान्झिस्टरवर कॉमेंट्री ऐकत त्यांनी उमेदीची वर्षं काढली होती, त्यामुळे क्रिकेट त्यांना कानाने पाठ होतं. डोळ्यांनी पाहायची सवय नव्हती. चेंडू टाकला की कधी कधी त्या डोळे मिटून घेत आणि पेटीतला कॉमेंटेटर काय बोलतो ते ऐकत. हवेत मारलेला फटका त्यांना बिलकुल चालायचा नाही. षटकार मारायचा म्हणजे पेशंटला सलाईन लावलेलं असताना जिन्यावर पळवायचं, असं त्यांचं मत होतं. एक कसोटी सामना त्यांना महिनाभर पुरायचा.

मला त्या वेळी एका बियाण्याच्या कंपनीत, प्रयोगशाळेत नोकरी लागली होती. प्रयोगशाळा म्हटलं की लोक आदराने बघतात, म्हणून मी तिथे नेमकं काय करतो ते सांगायचं टाळत असे. ओल्या कागदावर बिया ओळीने मांडायच्या, कागद गुंडाळून ठेवायचा, पुढे तो उघडून किती उगवल्या ते मोजायचं. झालं. सिस्टरनी पहिल्या दिवशी विचारलं, "म्हंजी तू उगवण मोजतोस?"

"मी क्वालिटी अशुरन्समध्ये आहे," मी म्हणालो.

"तेच ते," त्या म्हणाल्या, आणि त्या दिवसापासून त्या घरात मी 'उगवण' झालो. शेजारच्या खोलीत स्टीलच्या रोलिंग मिलमध्ये काम करणारा एक जण राहायचा, तो 'भट्टी'. माझ्या आधी माझ्या खोलीत बँकेतला एक कारकून होता, तो 'कॅशियर'. खरी नावं त्या भाड्याची पावती लिहिताना वापरत.

टीमबद्दल मला भट्टीने सांगितलं. जिन्यात गाठून, हळू आवाजात. "तुमचं झालं का?"

"काय झालं का?"

"टीममधी घेतलं का तुम्हाला? महिनाभर पाहत्यात त्या. मंग घेत्यात."

गेममध्ये स्वतःचे खेळाडू तयार करायची सोय होती. उंची, रंग, केस, चालायची ढब, सगळं निवडता यायचं. सिस्टरनी तिथे वरच्या दोन खोल्यांत राहिलेला प्रत्येक भाडेकरू तयार केला होता. पेटी येण्याच्या कितीतरी वर्षं आधी राहून गेलेलेसुद्धा, आठवून आठवून. टीमचं नाव 'वरची खोली'. भट्टी सलामीला, कारण तो पहिल्या शिफ्टला न कुरकुरता जायचा. कॅशियर विकेटकीपर, कारण तो दार वाजलं की आधी खिडकीतून बघायचा. एक जुने मास्तर फिरकी टाकायचे. त्यांचं वाक्य कुठे सुरू होऊन कुठे वळेल याचा भरवसा नसायचा म्हणे.

समोरच्या टीमचं नाव 'दवाखाना'; तिची बॅटिंगही सिस्टरच करायच्या. तिच्यात डॉक्टर, कंपाउंडर, वॉर्डबॉय. वॉर्डातल्या आयाबाई, ज्यांना सगळे मावशी म्हणत, त्या दवाखान्याच्या सगळ्यात वेगवान गोलंदाज होत्या. त्या जुन्या गेममध्ये बाई तयार करता येत नव्हती, म्हणून मावशींना बिनमिशीचा गडी केलं होतं. एक मोठे साहेब मात्र दर डावात शून्यावर जायचे. सिस्टर म्हणायच्या, त्यांचा खेळच तसा आहे. मी एकदा नीट पाहिलं. साहेब खेळायला आले की सिस्टर त्यांना मुद्दाम चुकीचं बटण दाबून खेळवत होत्या.

"यात तुम्ही कुठं खेळता, सिस्टर?" मी विचारलं.

"मी ड्युटीवर हाय," त्या म्हणाल्या.

महिना होत आला. मी कॉलेज शिकलेला माणूस, एका म्हाताऱ्या बाईच्या गेममध्ये आपला नंबर कितवा लागतो यासाठी जिना दोन-दोन पायऱ्यांनी चढायला लागलो. त्यांनी भाजीची वाटी दिली तर ती घासून, पुसून परत देऊ लागलो. गावाकडे शाळेच्या टीमचा मी कॅप्टन होतो हेही बोलण्याबोलण्यात घातलं. कॅप्टन का होतो ते सांगितलं नाही. बॅट माझी होती.

एका रविवारी त्यांनी खाली बोलावलं आणि पडद्यावर मला दाखवलं. अकरावा नंबर. गोलंदाजी: नाही. फलंदाजीची पद्धत: बचावाची. आणि पोट.

"माझं पोट एवढं नाही," मी म्हणालो. बाकीच्या गोष्टींवर वाद घालणं मला कमीपणाचं वाटलं.

"मंग तू कमी कर. मंग मी बी कमी करते," सिस्टर म्हणाल्या.

"पण अकरावा का?"

त्यांनी थोडा विचार केला. "तू कुठं बी जायाच्या आधी दारात उभा राहतोस," त्या म्हणाल्या. "चप्पल घालतोस, काढतोस. परत घालतोस. असा माणूस आधी पाठवून कसं चालंल?"

मी वर आलो आणि दारात उभा राहिलो. चप्पल काढावी की न काढावी ते मला बराच वेळ कळेना.

त्या टीमची त्या खरोखर काळजी घेत. मला टायफॉइड झाला तेव्हा त्यांनी मला पेज करून दिली, तोंडात थर्मामीटर धरलं आणि टीममधून काढलं. "रेस्ट," त्या म्हणाल्या. माझ्या जागी जुने कुणीतरी खेळले. ताप उतरला तरी त्यांनी आठवडाभर बसवून ठेवलं. भट्टीचा हात मिलमध्ये पोळला तेव्हा त्या रोज त्याचं ड्रेसिंग करायच्या, आणि हाताला नवी कातडी येईपर्यंत गेममध्येही त्याच्या हाती बॅट दिली नाही. तो म्हणाला, "सिस्टर, ते तर खोटं हाय, त्याला कुठं दुखतंय?" सिस्टर ड्रेसिंग करता करता म्हणाल्या, "हात एकच हाय ना तुझा?"

आता मूळ गोष्टीकडे येतो, कारण तिच्यात माझी हुशारी आहे.

मुलाने पुण्याहून नव्या क्रिकेटची सीडी आणून दिली. सीडी पेटीत घातली तर पेटी म्हणाली, जागा नाही. काहीतरी डिलीट करा.

"सीडी हाय तर जागा कामून लागती?" सिस्टरनी मला विचारलं.

मला का विचारलं? तर त्याआधी एकदा त्यांचा टीव्ही लागत नव्हता आणि मी रिमोटचे सेल काढून परत बसवले होते. तेव्हापासून मी 'कंप्युटरचा माणूस' होतो. हा गैरसमज मी दूर केला नव्हता. अकराव्या नंबरच्या माणसाला कुठेतरी वरचा नंबर लागत असेल तर तो कोण सोडतो?

"सीडी नुसती किल्ली असते," मी म्हणालो. हे मी कुठेतरी ऐकलं होतं. "गेम सगळा पेटीत जाऊन बसतो."

मुलाने फोनवर सोपा उपाय सांगितला. "आई, जुना गेम डिलीट कर. नव्यात तेच आहे, आणखी चांगलं."

"जुन्यात माझी माणसं हायेत," सिस्टर म्हणाल्या.

"माणसं नव्यात परत कर."

"डिस्चार्ज कुणाला द्यायचा ते मी ठरवीन," त्या म्हणाल्या आणि फोन ठेवला.

मग मी बाहेरून हार्ड डिस्क जोडायचा उपाय काढला. काढला म्हणजे सकाळी मोबाईलवर एका पोराचा व्हिडिओ बघितला आणि संध्याकाळी स्वतःचं मत म्हणून सांगितलं. बाहेरची डिस्क पेटीला मागून लावायची, गेम तिच्यावर हलवायचा, आत जागा मोकळी. सिस्टरनी पूर्ण ऐकून घेतलं.

"बेड फुल झाले की आम्ही बी व्हरांड्यात गादी टाकायचो," त्या म्हणाल्या. "पण व्हरांड्यातला पेशंट राऊंडला सुटतो. डॉक्टर पुढं निघून जातो, गोळी द्यायची राहती. माझी माणसं मी व्हरांड्यात ठेवणार न्हाई."

"काही होत नाही, सिस्टर. मी आहे ना."

"तू हायेस म्हणूनच इचारून राह्यले."

शेवटी त्या तयार झाल्या, नव्या सीडीचं आकर्षण होतंच. आता डिस्क कुठून आणायची? मी मोठेपणाने म्हणालो, माझ्याकडे आहे. आणि वर जाऊन माझी डिस्क घेऊन आलो.

त्या डिस्कबद्दल सांगायला हवं. माझं गाव अंबड तालुक्यात. घरी कापूस, सोयाबीन. गावात सगळ्यांना माहीत होतं की मी स्पर्धा परीक्षेची तयारी करतो आणि आज ना उद्या अधिकारी होणार. बियाण्याची नोकरी ही तोवरची सोय. माझे वडील, आम्ही त्यांना आबा म्हणतो, चौकातल्या चहाच्या टपरीवर कुणी विचारलं की सांगायचे, "चालू हाय अभ्यास त्याचा." तो अभ्यास या डिस्कवर होता. मित्रांकडून घेतलेल्या नोट्स, कुणाकुणाच्या क्लासचे व्हिडिओ, चालू घडामोडी. खोल्या बदलताना मी ती डिस्क कपड्यात गुंडाळून, मधोमध ठेवून न्यायचो. ती जवळ असली की मी अभ्यास करतोय असं मला वाटायचं. उघडायची गरज पडली नव्हती.

माझी समजूत अशी की लॅपटॉपला लावतात तशी लावायची. एका बाजूला अभ्यास, एका बाजूला क्रिकेट. डिस्क लावली, सिस्टर सेटिंगमध्ये गेल्या, आणि पडद्यावर इंग्रजीत एक सूचना आली. दवाखान्यातली सवय, कागद कसलाही असो, त्या शेवटपर्यंत वाचायच्या. शब्दांवर बोट ठेवून त्यांनी ती सूचना वाचली.

"ऑल डेटा," त्या म्हणाल्या. "म्हंजी पेटी ही डिस्क आपल्या पद्धतीनं करून घेणार, अन् तुझं जे हाय ते समदं जाणार. काय हाय त्यात?"

"अभ्यास," मी म्हणालो.

सिस्टरनी रिमोट खाली ठेवला, उठल्या, मागची वायर काढली आणि डिस्क माझ्या हातात दिली. "मंग न्हाई. गेमपायी कुणाचं शिक्षण बुडवायचं न्हाई. आधी दुसरीकडं ठेवून ये."

मी वर गेलो. लॅपटॉप उघडला. लॅपटॉपमध्ये जागा नव्हती, सगळी सिनेमांनी भरलेली. आता सिनेमे पुसायचे तर कोणते, आणि अभ्यास ठेवायचा तर कोणता, हे बघायला मी ती डिस्क कितीतरी वर्षांनी पहिल्यांदा उघडली. एका फोल्डरचं नाव 'अभ्यास'. त्याखाली 'अभ्यास नवीन'. त्याखाली 'अभ्यास नवीन फायनल'. शेवटचं फोल्डर 'आता खरंच', ते रिकामं होतं. व्हिडिओतले निम्मे उघडेचनात. चालू घडामोडींतले मंत्री केव्हाच माजी झाले होते, अभ्यासक्रमही मधल्या काळात बदलून गेला होता. मी पलंगावर बसलो. रडू येईल असं वाटलं, पण आलं नाही. उलट हलकं वाटलं, ताप उतरताना घाम आला की वाटतं तसं. मला ती परीक्षा द्यायचीच नव्हती. ओले कागद उघडताना आत हिरवं काही दिसलं की मला बरं वाटायचं. हे कुणाला सांगितलं तर हसतील म्हणून मी अधिकारी होणार होतो.

खाली आलो. सिस्टर तशाच बसलेल्या.

"ठेवला दुसरीकडं?"

"न्हाई."

"मंग?"

"पुसून टाकू."

"अन् परीक्षा?"

"देऊन न्हाई राह्यलो मी." इतके दिवस मी त्यांच्याशी पुस्तकी मराठीत बोलायचो. त्या दिवशी आपोआप गावचं आलं.

त्यांनी माझ्याकडे पाहिलं, थर्मामीटर उजेडात धरून पारा बघतात तसं. "घरी ठावं हाय?"

"न्हाई."

"ते तुझं तू सांगशील," त्या म्हणाल्या. रिमोट उचलला, पुसला, वाळवला आणि माझ्याकडे दिला. "बटण बी तुझं तूच दाब. दुसऱ्याच्या सहीनं मी कुणाचं ऑपरेशन होऊ दिलं न्हाई कधी."

मी डिस्क परत लावली आणि बटण दाबलं. माझा सगळा अभ्यास पुसायला पेटीला काही क्षण लागले. इतका वेळ तर मी तो कधी केलाही नसेल.

मग जुना गेम डिस्कवर हलवायला घेतला. पडद्यावर एक पट्टी सावकाश भरत चालली. सिस्टर डोळे न हलवता त्या पट्टीकडे बघत होत्या. पट्टी अर्ध्यावर आली आणि लाईट गेली. इन्व्हर्टर होता, पण तो पंख्याला आणि एका ट्यूबला. टीव्ही गेला, पेटी गेली, गिरणी थांबली. अशा वेळी काय करू नये ते त्या व्हिडिओतल्या पोराने दोनदा सांगितलं होतं. मी नेमकं तेच केलं. घाबरून मागची वायर ओढली आणि डिस्क हातात घेऊन उभा राहिलो, जणू मी तिला आगीतून वाचवलं.

"काढायची व्हती का?" सिस्टरनी विचारलं.

"हो," मी म्हणालो.

लाईट येईपर्यंत त्या पेटीवर हात ठेवून बसल्या. पेटी निवत चालली होती. "मास्तर तर आता हयात बी न्हाईत," त्या मध्येच म्हणाल्या. "फिरकी टाकायचे ते. माझ्याकडं त्यांचा एक फोटो बी न्हाई." माझा अभ्यास गेल्याचं मला काही वाटलं नव्हतं, पण मी कधी न पाहिलेल्या त्या मास्तरांना आपण मारलं, अशी भीती मला वाटायला लागली. एक गोष्ट कबूल करतो, त्या भीतीतही मला वाटून गेलं की सगळे गेले तर नव्याने टीम होईल आणि मी कदाचित सातव्या नंबरला येईन.

लाईट आली. डिस्क परत लावून पेटी चालू केली तर तिने तक्रार केली की डिस्क नीट काढली नव्हती. मग ती बराच वेळ स्वतःशीच काहीतरी दुरुस्त करत राहिली. मग गेम पुन्हा हलवायला घेतला. या वेळी पट्टी पूर्ण भरली. सिस्टरनी गेम उघडला, टीमची यादी काढली आणि एकेक नाव वाचत खाली आल्या. भट्टी. कॅशियर. मास्तर. सगळे होते. शेवटी उगवण, अकरावा.

"म्हटलं होतं ना," मी म्हणालो. "मी आहे म्हणून."

खरी गोष्ट मला काही दिवसांनी मोबाईलवर वाचून कळली. बाहेरच्या डिस्कवर फक्त गेम जातो. आपण खेळलेलं, जमवलेलं, तयार केलेलं सगळं पेटीच्या आतच राहतं. ते कधी बाहेर गेलंच नव्हतं. मी सिस्टरना हे अशा थाटात सांगितलं की मला पहिल्यापासून माहीत होतं.

"म्हंजी गेम बाहेर, माणसं आत," त्या म्हणाल्या.

"बराबर."

"अन् हे तुला तवा ठावं व्हतं?"

"व्हतं की."

"मंग लाईट गेली तवा तुझा चेहरा तसा कामून झाल्ता?"

नवा गेम बसला. त्यात सगळी टीम नव्याने करावी लागली. भट्टी आणि मी आळीपाळीने बसून एकेक अक्षर निवडून नावं टाकली. नव्या गेममध्ये बायका तयार करता येत होत्या, त्यामुळे मावशी पहिल्यांदा मावशींसारख्या दिसल्या, आणि सिस्टर त्यांच्याकडे बघून बराच वेळ हसत होत्या. मी मोठ्या आशेने माझी पाळी यायची वाट पाहत होतो. अकरावा नंबर. गोलंदाजी: नाही. पोट थोडं कमी केलेलं होतं. माझ्या आयुष्यात त्या वर्षी झालेली प्रगती तेवढीच.

घरी सांगायचं मात्र मी पुढे ढकलत होतो. फोनवर आबा विचारायचे, "अभ्यास?" मी म्हणायचो, "चालू हाय."

त्याच सुमारास चुलत बहिणीच्या लग्नाचा बस्ता बांधायला, म्हणजे लग्नाचे कपडे खरेदी करायला, घरचे सगळे जुन्या जालन्यात आले. मी संध्याकाळी कंपनीतून परतलो तर सिस्टरच्या दारात आबांच्या वहाणा. बाकीची मंडळी अजून दुकानात होती. साड्या बघून बघून आबांना चक्कर आली म्हणून ते रिक्षाने इकडे आले होते. सिस्टरनी त्यांचं बीपी मोजलं होतं, लिंबूपाणी दिलं होतं, आणि आता दोघं शेजारी बसून क्रिकेट बघत होते. म्हणजे सिस्टर खेळत होत्या, आबा बघत होते. आबांचा दंड बीपीच्या पट्ट्यासाठी वर केलेल्या बाहीसकट तसाच होता.

मी दारात उभा राहिलो. चप्पल काढली, घातली.

"ये," सिस्टर पडद्यावरून नजर न काढता म्हणाल्या. त्यांनी आबांना सांगितलंय की नाही, मला कळेना.

आबा म्हणाले, "बस. लई रंगात आलीय मॅच. मास्तर आऊट झाले आत्ताच." मग जरा थांबून, नेहमीसारखं, "परीक्षा कधी हाय मंग?"

सिस्टरनी काहीच मदत केली नाही. चेंडू आला, भट्टीने तटवला. पुढच्या चेंडूला पलीकडचा रनआऊट झाला आणि तंबूतून शेवटचा खेळाडू निघाला. हळू, पोट सांभाळत, दोनदा मागे बघत.

"ह्यो तुमचा," सिस्टर म्हणाल्या.

आबा पुढे वाकले. डोळे बारीक करून त्यांनी मला पडद्यावर चालत जाताना पाहिलं. मी खेळपट्टीवर पोचलो, बॅट टेकवली, पहिला चेंडू सोडला, दुसरा सोडला, तिसऱ्याला माझा त्रिफळा उडाला. मावशींनी उडवला.

"मी कितीबी सांभाळलं तरी ह्यो तिसऱ्याला जातोच," सिस्टर म्हणाल्या.

"बराबर हाय," आबा म्हणाले. "चालतो बी तसाच."

मला वाटलं, आता याहून खाली काय जायचं. "आबा," मी म्हणालो, "मी परीक्षा देऊन न्हाई राह्यलो. अभ्यास बी न्हाई करत. लई दिस झाले."

आबांनी बाही खाली केली, बटण लावलं. "माह्या ध्यानात आल्तं ते," ते म्हणाले.

"मंग गावात कामून सांगत व्हते?"

"तू सांगत व्हता म्हणून. पोरगं म्हणतंय चालू हाय, मंग बापानं न्हाई कसं म्हणावं? तू कवा थांबतो त्याची वाट पाहून राह्यल्तो." मग त्यांनी विचारलं, "ती बियाण्याची नोकरी जमती का तुला?"

"जमती."

"आपल्या वावरातलं बियाणं यंदा उगवलं न्हाई नीट. येऊन पाह्य एकदा."

एवढंच. मी इतकी वर्षं ज्याला घाबरलो ते लिंबूपाण्याचा पेला रिकामा व्हायच्या आत संपलं. मी जरा नाराजच झालो. थोडा तरी आरडाओरडा होईल असं वाटलं होतं.

सिस्टर मात्र आबांकडे निरखून बघत होत्या. उभे राहा म्हणाल्या, ते उभे राहिले. दारापर्यंत चाला म्हणाल्या, ते चालले. आबांना वाटलं, चक्करची तपासणी चाललीय. "काय निघालं?" त्यांनी विचारलं.

"चौथा नंबर," सिस्टर म्हणाल्या.

"मी बॅट धरली न्हाई जल्मात."

"ते मी पाहते."

आणि त्यांनी खरंच घेतलं त्यांना. धोतर त्या गेममध्ये नव्हतं, म्हणून पँट घातली. माझे वडील त्या पेटीत इतके नीट खेळायला लागले की मला गावी फोन केला की आधी त्यांचा स्कोअर सांगावा लागायचा. आबांना क्रिकेट कळत नव्हतं, पण आकडा मोठा आहे की लहान तेवढं कळायचं. माझा आकडा त्यांनी कधी विचारला नाही. समजूतदार माणूस.

पुढे माझं लग्न झालं, मी खोली सोडली. सिस्टरच्या गुडघ्यांनी पायऱ्यांना नकार दिला तेव्हा मुलगा त्यांना पुण्याला घेऊन गेला. सामान काय नेलं काय नाही मला माहीत नाही. काळी पेटी आणि माझी डिस्क मांडीवर घेऊन त्या गाडीत बसल्या होत्या, ते पाहिलं. डिस्क परत मागावी असं मला वाटलं नाही. निघताना त्यांनी मुलाला सांगितलं की गाडी सावकाश चालव, आत लई माणसं हायेत.

आता अधूनमधून त्यांचा फोन येतो. तब्येत विचारली तर "बरी हाय" म्हणून विषय संपवतात आणि मॅचवर येतात. परवाच आला होता. बायको समोर मेथी निवडत बसली होती.

"काल तू आऊट झाला न्हाईस," सिस्टर म्हणाल्या.

मी खुर्चीत सावरून बसलो आणि बायकोला ऐकू जावं म्हणून फोन स्पीकरवर टाकला. "किती काढले मी?"

"तुझी बॅटिंगच आली न्हाई," त्या म्हणाल्या. "तुझ्या बापानं मॅच संपवली."